हेमू अधिकारी

अधिकारी, हेमचंद्र रामचंद्र : (३१ जुलै १९१९ – २५ ऑक्टोबर २००३). भारतीय लष्करातील अधिकारी, कसोटी क्रिकेटपटू, एका कसोटीपुरते भारताचे कर्णधार आणि पुढे राष्ट्रीय संघाचे व्यवस्थापक व प्रशिक्षक. क्रिकेटजगतात ‘हेमू’ याच नावाने परिचित. जन्म पुण्यात, मृत्यू मुंबईत.

प्रथम श्रेणी क्रिकेटमध्ये ते १९३६-३७ च्या हंगामात गुजरातकडून उतरले. पुढे ते बडोद्याकडून खेळले. गायकवाडांच्या राजाश्रयामुळे त्या काळी बडोद्यात क्रिकेटला चांगले दिवस होते आणि विजय हजारे तिथेच होते. मुंबईच्या पंचरंगी सामन्यांत अधिकारी हिंदू संघात असत. ऐन उमेदीची वर्षे मात्र महायुद्धात गेली. १९३६ नंतर दहा वर्षे भारताच्या वाट्याला एकही कसोटी आली नाही आणि १९४६ च्या इंग्लंड दौऱ्यावर त्यांची निवड झाली नाही. १९४७ च्या नोव्हेंबरात ब्रिस्बेनला ब्रॅडमनच्या ऑस्ट्रेलियाविरुद्ध ते पहिली कसोटी खेळले, तेव्हा त्यांनी अठ्ठाविशी ओलांडली होती.

पडझडीत पाय रोवून उभे राहणारा फलंदाज ही त्यांची खरी ओळख. ऑस्ट्रेलियाच्या त्याच दौऱ्यात ॲडलेडला हजारे यांनी दोन्ही डावांत शतके ठोकली. त्यांतल्या दुसऱ्या डावात अधिकारींनी ५१ धावा करून त्यांना साथ दिली. पुढे १९४८ मध्ये स्वतंत्र भारतातली पहिली कसोटी दिल्लीच्या फिरोजशाह कोटलावर झाली. वेस्ट इंडीजने चार शतकांच्या जोरावर ६३१ धावांचा डोंगर रचला. भारताला फॉलोऑन मिळाला, पण अधिकारी पहिल्या डावात ११४ आणि दुसऱ्या डावात २९ धावांवर नाबाद राहिले आणि सामना वाचला. कसोटीतले हे त्यांचे एकमेव शतक.

त्याच मैदानावर १९५२ मध्ये भारत-पाकिस्तान यांच्यातली पहिली कसोटी झाली. या सामन्यात अधिकारी नाबाद ८१ आणि अकराव्या क्रमांकाचे गुलाम अहमद ५० अशी कामगिरी करत दोघांनी शेवटच्या गड्यासाठी १०९ धावा जोडल्या. पुढे विनू मांकड यांनी तेरा बळी घेतले आणि भारताने डावाने विजय मिळवला. इतिहासात हा सामना मांकडांचा म्हणून नोंदला गेला, ते योग्यच. पण मांकडांना हवी तशी गोलंदाजी करता येईल एवढी धावसंख्या या शेवटच्या जोडीमुळे झाली.

त्यांच्या पहिल्या कसोटीपासून अखेरच्या कसोटीपर्यंत भारताने ४७ कसोट्या खेळल्या. त्यांतल्या २१ अधिकारींच्या वाट्याला आल्या. धावा ८७२, सरासरी ३१.१४. १९५२ च्या इंग्लंड दौऱ्यावर उपकर्णधार राहिलेल्या खेळाडूच्या मानाने सामन्यांचा हा आकडा कमी आहे. त्याचे मुख्य कारण लष्करी नोकरी. त्यांच्या जन्मगावी, पुण्यात, एरवी लष्करी क्रिकेटची जुनी परंपरा होती. लॉर्ड हॅरिस मुंबई इलाख्याचे गव्हर्नर असताना त्यांचे एडीसी रॉबर्ट पूर गणेशखिंडीच्या गव्हर्नमेंट हाउसच्या संघातून धावांच्या राशी घालत. पुढे १८९९ मध्ये हॅम्पशायरकडून खेळताना पूर यांनी दोन महिन्यांत १,३९९ धावा केल्या आणि त्यांत एकदा ३०४. साम्राज्याच्या फौजेत क्रिकेट हा अधिकाऱ्याच्या प्रतिष्ठेचाच एक भाग मानला जाई. नव्या देशाच्या सैन्यात आधी कर्तव्य आणि वेळ उरला तर क्रिकेट, असा क्रम लागला. पूर आणि अधिकारी दोघेही हौशी, पण त्या हौसेची किंमत अधिकारींनी चुकवली.

त्यांच्या नेतृत्वाखाली सेनादलाने १९५६-५७ आणि १९५७-५८ अशी लागोपाठ दोन वर्षे रणजी करंडकाची अंतिम फेरी गाठली. आधी मुंबईने आणि नंतर बडोद्याने त्यांना हरवले. आज सेनादलाचा संघ अंतिम फेरीत असेल असे कुणाच्या मनातही येत नाही, त्यामुळे त्या यशाचे मोल सहसा ध्यानात येत नाही. प्रथम श्रेणीत त्यांनी ८,६८३ धावा व १७ शतके केली. सर्वोच्च धावसंख्या नाबाद २३०.

कर्णधारपद त्यांच्याकडे आले ते संकटात. १९५८-५९ मध्ये वेस्ट इंडीजच्या हॉल आणि गिलख्रिस्ट यांच्या वेगापुढे भारतीय संघ कोलमडला आणि निवडीच्या घोळाने त्यात भर घातली. मुंबईत पॉली उम्रीगर, कानपूर-कोलकात्यात गुलाम अहमद, मद्रासच्या कसोटीच्या आदल्या दिवशी संघनिवडीवरून उम्रीगरांचा राजीनामा, म्हणून तिथे मांकड. दिल्लीच्या पाचव्या कसोटीला चौथा कर्णधार हवा होता. दोन वर्षांहून अधिक काळ कसोटी न खेळलेल्या एकोणचाळिशीच्या अधिकारींना बोलावणे आले. त्यांनी ६३ आणि ४० धावा केल्या, लेगस्पिन टाकून तीन बळीही घेतले. कसोटीतले त्यांचे सगळे बळी याच सामन्यातले. चंदू बोर्डे यांनी १०९ आणि ९६ धावा केल्या व सामना अनिर्णित राहिला. मालिका ०-३ अशी गेली होतीच. यानंतर अधिकारी कसोटी खेळले नाहीत.

त्यांचे सर्वांत मोठे काम यापुढचे. स्वतः कव्हरमध्ये चपळ क्षेत्ररक्षक असल्याने क्षेत्ररक्षण ही शिकवण्याची गोष्ट आहे, यावर त्यांचा ठाम विश्वास होता. भारतीय क्रिकेटमध्ये ही तेव्हा रूढ समजूत नव्हती. कवायत, शिस्त, व्यायाम या बाबतींत ते कडक होते आणि खेळाडू त्यांना वचकून असत. १९७१ मध्ये अजित वाडेकरांच्या संघाबरोबर ते इंग्लंडला व्यवस्थापक म्हणून गेले. ओव्हलच्या दुसऱ्या डावात चंद्रशेखर यांनी ३८ धावांत सहा बळी घेतले आणि इंग्लंडचा डाव १०१ वर आटोपला. फ्लेचर पहिल्याच चेंडूवर आणि नॉट एक धाव करून, दोघेही बॅटच्या पुढ्यात उभ्या एकनाथ सोलकर यांच्या हाती गेले. भारताने २४ ऑगस्टला चार गडी राखून सामना जिंकला, इंग्लंडमधली पहिली कसोटी आणि पहिली मालिकाही. गणेशचतुर्थी म्हणून पाठीराख्यांनी बेला नावाची हत्तीण मैदानात आणली होती. या विजयाचे श्रेय चंद्रशेखर, वाडेकर आणि सोलकर यांना मिळते. त्यात अधिकारींचाही वाटा आहे.

१९७४ च्या दौऱ्यावरही तेच व्यवस्थापक होते. लॉर्ड्सवर भारत ४२ धावांत गारद झाला आणि मालिका ०-३ अशी गेली. नुसती शिस्त संघाला तारू शकत नाही, हे तिथे दिसले. पुढे राष्ट्रीय शिबिरांत त्यांच्या हाताखालून गेलेल्यांत सुनील गावसकर, सय्यद किरमाणी, कपिल देव, रवी शास्त्री यांची नावे येतात.

गुलाम अहमद यांच्यासह केलेला दहाव्या गड्यासाठीचा १०९ धावांचा भारतीय विक्रम ५२ वर्षे टिकला. डिसेंबर २००४ मध्ये ढाक्यात सचिन तेंडुलकर आणि झहीर खान यांनी १३३ धावा जोडून तो मोडला.