पाउल वेगेनर : मातीचा देह आणि कॅमेऱ्याची दृष्टी

ऑगस्ट १९१३ मध्ये 'प्रागचा विद्यार्थी' हा मूकपट बर्लिनमध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा त्याचा नायक पाउल वेगेनर (१८७४-१९४८) अडतीस वर्षांचा होता. माक्स राइनहार्टच्या 'डॉइचेस थिएटर'मधील तो एक मान्यवर नट. अशा नटाने जत्रेतल्या करमणुकीला आपला चेहरा द्यावा, हे त्या काळी कमीपणाचे मानले जाई. वेगेनर मात्र एका निश्चित लोभाने आला होता : रंगमंचावर नटाला स्वतःसमोर उभे राहता येत नाही, पडद्यावर येते.

सावकाराला आपले प्रतिबिंब विकणाऱ्या बाल्डुइनची ही कथा. आरशातून प्रतिबिंब पाऊल बाहेर टाकते आणि पुढे मालकाचाच पाठलाग करते. छायालेखक गिडो झेबर चौकटीचा अर्धा भाग झाकून चित्रण करी, फीत मागे फिरवी आणि उरलेला अर्धा भाग टिपी. युक्ती एवढीच, परंतु आत्मभयाला तिने जे दृश्यरूप दिले, ते संवादांना साधले नसते. दिग्दर्शन श्टेलान रीचे होते. पुढल्याच वर्षी तो महायुद्धात मृत्यू पावला.

१९१६ च्या एका व्याख्यानात वेगेनरने आपला विचार मांडला. चित्रपटाने नाटक आणि कादंबरी यांची कास सोडून केवळ दृश्यातून जन्म घ्यावा. त्याचा खरा कवी कॅमेराच, असा त्याचा आशय होता. त्याच्या चित्रपटांतून लोटे रायनिगर या तरुण छायाकृती-कलावतीला वाव मिळाला, हेही या दृष्टीचेच फळ.

प्रागच्या मुक्कामातच त्याला गोलेमची यहुदी दंतकथा गवसली होती. तिच्यावर त्याने तीन चित्रपट केले. पूर्णरूपाने उरला तो १९२० चा. दिग्दर्शनात कार्ल बोझे त्याचा सहकारी होता. वास्तुकार हान्स पेल्त्सिगने टेम्पलहोफ येथे उभारलेली वस्ती वाकलेली, जणू त्याच मातीतून वर आलेली. रब्बीने आपल्या लोकांच्या रक्षणासाठी घडवलेला हा मृण्मय पुरुष वेगेनरने स्वतः साकारला. त्याची चाल जड आहे, पण डोळे जागे होत जातात. शेवटी एक लहान मुलगी त्याला सफरचंद देते, तो तिला उचलून घेतो आणि ती खेळता खेळता त्याच्या छातीवरील तारा काढते. तो कोसळतो. यहुदी समाजाला जादूटोण्याशी जोडणारे यातील चित्रण आज खटकते. तरीही चित्रपटाची करुणा गोलेमच्याच बाजूची आहे, हे या प्रसंगावरून मान्य करावे लागते.

नंतरचे चित्रपट या उंचीला पोचले नाहीत. १९३३ मध्ये राइनहार्टने जर्मनी सोडली; 'गोलेम'मध्ये रब्बीचा शिष्य झालेला एर्न्स्ट डॉइचही परागंदा झाला. वेगेनर राहिला. १९३७ मध्ये त्याने 'राज्य-अभिनेता' ही पदवी स्वीकारली आणि नाझींच्या 'कोल्बेर्ग' (१९४५) या प्रचारपटातही भूमिका केली.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये, उद्ध्वस्त बर्लिनमध्ये, राइनहार्टचे जुने नाट्यगृह लेसिंगच्या 'नाथान'ने पुन्हा उघडले. सहिष्णू यहुदी व्यापारी नाथानच्या भूमिकेत सत्तर वर्षांचा वेगेनर होता. प्रेक्षागृहात 'गोलेम' पाहिलेले काही वृद्ध प्रेक्षक असणारच. पडद्यावर मूक राहिलेल्या त्या देहातून आता लेसिंगचे शब्द उमटत होते.