तळटीप : माइनिंगेनचा नटसमूह

* नटसमूह : ग्रंथकर्त्याचा रोख येथे जर्मनीतील सॅक्स-माइनिंगेन संस्थानचे अधिपती ड्यूक गेऑर्ग दुसरे यांच्या दरबारी नाटकमंडळीकडे आहे. आज नायकाची भूमिका करणाऱ्याने उद्या बिनतक्रार जमावात उभे राहावे, असा तेथे दंडक असे. आणि त्या जमावाच्याही लहान लहान तुकड्या पाडून प्रत्येकीवर एकेक मुरब्बी नट नेमलेला असल्यामुळे, १८७४ साली बर्लिनमध्ये झालेल्या ‘ज्यूलियस सीझर’च्या प्रयोगांत अँटनीच्या भाषणाने क्रमाक्रमाने प्रक्षुब्ध होत जाणारा रोमन समुदाय हाच, आमच्या मते, नाटकाचा खरा नायक होय. रशियन नट-दिग्दर्शक स्तानिस्लावस्कींनी या मंडळीचे प्रयोग १८९० साली मॉस्कोत पाहिले, व तिचे दिग्दर्शक क्रोनेक यांचा तालमीतील करडा शिरस्ता काही काळ स्वतःही चालविला. — संपादक