सरळसेवा आणि पदोन्नती : ज्येष्ठता कशी ठरते?

शासनातील एकाच पदावर दोन मार्गांनी नेमणूक होते. स्पर्धा परीक्षेतून थेट येणारा तो सरळसेवा अधिकारी. खालच्या पदावर काही वर्षे काढून वर चढलेला तो पदोन्नत अधिकारी. दोघांची खुर्ची सारखीच असते, वेतनश्रेणीही एकच असते. तथापि पुढची बढती आधी कोणाला, हे ज्येष्ठता सूचीतील स्थानावर अवलंबून असते. त्यामुळे सेवाविषयक खटल्यांत हा वाद वारंवार उद्भवतो.

नागपूर आणि अमरावती जिल्ह्यांना लागून असलेले पांढुर्णा व सौंसर हे मराठीभाषक तालुके 1 नोव्हेंबर 1956 च्या राज्यपुनर्रचनेत मध्य प्रदेशातच राहिले; विदर्भाचे आठ जिल्हे मात्र तत्कालीन मुंबई राज्यात गेले. 2023 मध्ये छिंदवाड्यापासून वेगळे होऊन हे तालुके पांढुर्णा जिल्ह्यात आले. परिणामी, सीमेपलीकडे नागपूरकडे जिला ‘ज्येष्ठता’ म्हणतात, ती येथील सरकारी कागदांत ‘वरिष्ठता’ होते आणि तिचा नियमही बदलतो.

मध्य प्रदेशातील नियम

राज्यात मध्य प्रदेश नागरी सेवा (सेवेच्या सर्वसाधारण शर्ती) नियम, 1961 लागू असून त्यातील नियम 12 ज्येष्ठतेविषयी आहे. सरळसेवेने आलेल्यांचा आपसातील क्रम निवडीच्या गुणवत्ता यादीप्रमाणे लागतो. रुजू होण्याची तारीख त्यात गौण ठरते. पदोन्नतांचा क्रम विभागीय पदोन्नती समितीच्या शिफारशीनुसार असतो. दोन्ही गटांत ज्येष्ठ कोण, हे नियुक्तीचा अथवा पदोन्नतीचा आदेश कोणत्या दिवशी निघाला यावरून ठरते. दोन्ही आदेश एकाच दिवशी निघाल्यास पदोन्नत अधिकारी वर राहतात.

महाराष्ट्रातून निघालेली तत्त्वे

या वादातील देशभर आधारभूत मानले जाणारे निवाडे महाराष्ट्रातील अभियंत्यांच्या खटल्यांतून आले. पदोन्नत उपअभियंत्यांची ज्येष्ठता पद कायम झाल्यापासून, तर सरळसेवेच्या अभियंत्यांची नियुक्तीपासून धरली जात असे. पटवर्धन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1977 मध्ये हा भेद समतेच्या तत्त्वाविरुद्ध ठरवला.

पुढे 2 मे 1990 रोजी वर्ग दोन अभियंत्यांच्या संघटनेच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सूत्रे घालून दिली. नियमानुसार नेमणूक झाली असेल, तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजावी. पद कायम होण्याची वाट पाहू नये. नियमबाह्य, केवळ तात्पुरती सोय म्हणून झालेली नेमणूक मात्र धरू नये. दोन मार्गांचे प्रमाण ठरलेले असल्यास ते सामान्यतः काटेकोर पाळावे. तथापि हे प्रमाणच मोडीत निघाले असेल, तर रीतसर बढती मिळालेल्यांना नंतर आलेल्यांच्या खाली ढकलू नये.

थांबलेल्या बढतीची किंमत

मध्य प्रदेशात या तत्त्वांना आज वेगळीच धार आली आहे. 30 एप्रिल 2016 रोजी जबलपूर उच्च न्यायालयाने 2002 च्या पदोन्नती नियमांतील आरक्षणविषयक तरतुदी रद्द केल्या. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, ‘जैसे थे’चा आदेश झाला आणि नियमित पदोन्नत्या बहुतांशी थांबल्या. अनेक कर्मचारी बढतीविनाच निवृत्त झाले. 2025 मध्ये शासनाने नवे नियम आणले. त्यांनाही न्यायालयात आव्हान मिळाले.

या काळात सरळसेवा भरती बंद नव्हती. ज्येष्ठता आदेशाच्या तारखेला बांधलेली असल्याने, रखडलेला आदेश ज्याला उशिरा मिळेल, तो मधल्या वर्षांत त्याच पदावर थेट आलेल्यांच्या खाली जाईल. पोलीस आदी काही खात्यांत वरच्या पदाचा ‘कार्यवाहक’ प्रभार दिला गेला. परंतु प्रभार म्हणजे पदोन्नती नव्हे, त्या काळावर ज्येष्ठतेचा हक्क सहसा उभा राहत नाही. कर्मचाऱ्याचा दोष नसताना गेलेला काळ कोणी भरून द्यावा, या प्रश्नाला आदेशाची तारीख पाहणारा नियम उत्तर देत नाही.

कर्मचाऱ्याने काय पाहावे?

विभाग आधी तात्पुरती पदक्रम सूची काढून आक्षेप मागवतो. आपल्या नावापुढील आदेशाची तारीख, नेमणुकीचा मार्ग आणि निवड यादीतील क्रमांक तेव्हाच तपासावा व चूक असल्यास मुदतीत लेखी आक्षेप द्यावा. वर्षानुवर्षे स्थिर झालेली सूची उशिरा आलेल्या तक्रारीवरून विस्कटण्यास न्यायालये सहसा तयार होत नाहीत.