जॅकी कूगन : एका बालनटाची उत्तरकथा

रंगभूमीवर असो वा रुपेरी पडद्यावर असो, लहान मुलाचें काम पाहून प्रेक्षक जितका लवकर विरघळतो, तितका तो मोठमोठ्या नटांच्या अभिनयानेंहि विरघळत नाहीं. परंतु या कौतुकाला मुदत असते. दुधाचे दांत पडले, आवाज फुटला, ओठांवर मिसरूड दिसूं लागली कीं, कालचा लाडका आज अनोळखी होतो. मग त्या मुलाचें पुढें काय होतें? त्यानें मिळविलेला पैसा कोणाचा? आणि उरलेलें आयुष्य त्यानें कशाच्या आधारावर काढावयाचें? या तिन्ही प्रश्नांचीं उत्तरें अमेरिकन नट जॅकी कूगन याच्या चरित्रांत एकत्र सांपडतात. इतकेंच नव्हे, तर त्यांतील दुसऱ्या प्रश्नाचें उत्तर तेथील कायद्याला त्याच्यामुळेंच शोधावें लागलें.

जॅकीचा जन्म २६ ऑक्टोबर १९१४ रोजीं लॉस एंजेल्स येथें झाला. आईबाप दोघेंहि रंगमंचावर वावरलेलीं. वडील नाच व नकलांच्या मिश्र खेळांत काम करीत, आणि मुलगा चालूं बोलूं लागतांच त्यालाहि त्यांनीं आपल्याबरोबर प्रेक्षकांपुढें उभें केलें. १९१९ सालीं लॉस एंजेल्सच्या ऑर्फियम नाट्यगृहांत चार्ली चॅप्लिननें त्याला पाहिलें. चॅप्लिनला त्या वर्षीं पुत्रशोक झाला होता; त्याचें पहिलें मूल जुलै महिन्यांत तीन दिवसांचें होऊन दगावलें होतें. अशा मनःस्थितींत त्याच्या दृष्टीस हें चार वर्षांचें पोर पडलें. वडिलांच्या मागोमाग हुबेहूब नक्कल करणारें, प्रेक्षकांना न भिणारें आणि सांगितलेलें चटकन् उचलणारें. प्रथम एका छोट्या विनोदी पटांत किरकोळ काम देऊन चॅप्लिननें त्याची परीक्षा पाहिली आणि मग आपल्या पहिल्या मोठ्या चित्रपटाची उभारणी त्याच्या भोंवतीं केली. ‘दि किड’ हा तो मूकपट २१ जानेवारी १९२१ रोजीं न्यूयॉर्क येथें प्रथम दाखविण्यांत आला.

टाकून दिलेलें मूल एका भणंग माणसाला सांपडतें व तो त्याला वाढवितो, एवढेंच त्याचें कथानक. मुलानें दगड मारून खिडक्यांच्या कांचा फोडावयाच्या आणि पाठोपाठ बापानें कांचा बसविणारा म्हणून हजर व्हावयाचें, या त्यांच्या धंद्यावर जग पोट धरधरून हंसलें. अनाथालयाचे अधिकारी मुलाला ओढून नेतात त्या प्रसंगीं तेंच जग रडलें. त्या रडण्यामागची हकीकत चॅप्लिननें आपल्या आत्मचरित्रांत सांगितली आहे. खेळकर जॅकीला कांहीं केल्या रडूं येईना. तेव्हां त्याच्या वडिलांनीं त्याला बाजूला घेऊन, रडला नाहींस तर खरोखरच अनाथालयांत पाठवीन, अशी धमकी दिली. मूल हुंदके देऊं लागलें आणि दृश्य अप्रतिम उतरलें. पडद्यावर ज्या ताटातुटीनें लोकांचें काळीज हललें, त्याच ताटातुटीची भीति घालून तें काम करून घेण्यांत आलें, ही गोष्ट विसरतां येण्यासारखी नाहीं.

त्यानंतर जॅकीला जी लोकप्रियता लाभली ती त्यापूर्वीं कोणत्याहि बालनटाच्या वाट्यास आली नव्हती. ‘ऑलिव्हर ट्विस्ट’, ‘सर्कस डेज’, ‘ए बॉय ऑफ फ्लँडर्स’ असे त्याचे चित्रपट एकामागून एक निघाले. त्याच्या नांवाच्या बाहुल्या, शिट्ट्या व लिहिण्याचें सामान बाजारांत आलें. १९२४ सालीं आर्मेनियन व ग्रीक निर्वासित मुलांच्या साह्यासाठीं त्याला अमेरिकेंत व युरोपांत फिरविण्यांत आलें, आणि त्या दौऱ्यांत दहा लाख डॉलरांहून अधिक किंमतीचें अन्नवस्त्र जमलें. रोम येथें पोपनीं त्याची भेट घेतली. दहा वर्षांच्या मुलाच्या नांवावर जहाजें भरत होतीं. पण त्याच्या स्वतःच्या हातीं मात्र खर्चासाठीं आठवड्याला सव्वासहा डॉलरच पडत.

पुढें वय वाढलें. ज्या लांब केसांवर लोक लुब्ध होते ते कापले गेले व त्या कापण्याचाहि १९२७ सालीं एक चित्रपट करण्यांत आला. बोलपटांच्या आरंभीं, १९३० व १९३१ सालीं, त्यानें ‘टॉम सॉयर’ आणि ‘हकलबेरी फिन’ यांत कामें केलीं; परंतु पूर्वीची भरती ओसरली होती. ४ मे १९३५ रोजीं शिकारीहून परततांना त्यांच्या मोटारीला अपघात झाला. वडील व बरोबरचे इतर सर्वजण मृत्यु पावले. एकटा जॅकी वांचला. त्याच वर्षीं ऑक्टोबरांत त्याला एकविसावें वर्ष पुरें झालें. आईनें पुढें कुटुंबाचा आर्थिक कारभार पाहणाऱ्या आर्थर बर्नस्टीन यांच्याशीं विवाह केला. जॅकीनें आपल्या कमाईची चौकशी केली तेव्हां त्याला असें कळलें कीं, तिच्यावर त्याचा हक्कच नाहीं.

एप्रिल १९३८ मध्यें, वयाच्या तेविसाव्या वर्षीं, त्यानें आई व सावत्र वडील यांच्याविरुद्ध फिर्याद केली. बालपणांतील त्याची कमाई तीस ते चाळीस लक्ष डॉलर झाली असावी, असा त्या वेळचा अंदाज होता. आईचें म्हणणें असें कीं, मुलाला कांहीं देण्याचें वचन कोणीं दिलें नव्हतें आणि अज्ञान मुलानें मिळविलेला प्रत्येक डॉलर आईबापांचाच असतो. दुर्दैवानें तत्कालीन कायदा आईच्या बाजूचा होता. आपल्याला पोसणाऱ्या बापाच्या शेतांत किंवा कारखान्यांत मुलानें हातभार लावावा, त्याची मजुरी घरांत यावी, या जुन्या जीवनक्रमांतून तो नियम निघाला होता. मुलाच्या मजुरीवर बापाचें घर चालेल इतकी ती मोठी असूं शकते, ही कल्पना नियम करणारांच्या मनांत कधीं आलीच नव्हती. १९३९ सालीं तडजोड झाली, आणि एके काळच्या लक्षाधीश मुलाच्या पदरीं १,२६,००० डॉलर पडले. या अडचणीच्या काळांत चॅप्लिनकडे गेला असतां, चॅप्लिननें कांहीं न विचारतां त्याला हजार डॉलर काढून दिले, असें सांगतात.

या खटल्यानें लोकमत खवळलें आणि त्याच वर्षीं कॅलिफोर्निया संस्थानांत बालनटांच्या रक्षणाचा कायदा झाला. लोक त्याला ‘कूगन कायदा’ म्हणूनच ओळखतात. करार न्यायालयानें मंजूर करतांना कमाईचा कांहीं भाग मुलासाठीं अलग ठेवण्याचा हुकूम द्यावा, अशी त्यांत तरतूद होती. पण जे करार न्यायालयापुढें येतच नसत त्यांचें काय? शिवाय हुकूम झाला तरी तो पाळला जातो कीं नाहीं, हें पाहणार कोण? शर्ली टेंपल हिनें बालपणीं बत्तीस लाख डॉलरांवर कमाई केली. हिशेब पाहिला तेव्हां सुमारें चव्वेचाळीस हजार उरले होते, असें तिनें १९८८ सालीं प्रसिद्ध केलेल्या आत्मचरित्रांत लिहिलें आहे. हीं भोकें बुजण्यास सहा दशकें लागलीं. १ जानेवारी २००० पासून कॅलिफोर्नियांत बालनटाची कमाई ही त्याची स्वतःची मालमत्ता ठरली व तिचा पंधरा टक्के भाग विश्वस्त ठेव म्हणून राखून ठेवणें सक्तीचें झालें.

जॅकीला स्वतःला या कायद्याचा कांहींच लाभ झाला नाहीं. मार्च १९४१ मध्यें तो सैन्यांत दाखल झाला व पुढें त्यानें ग्लायडर चालविण्याचें काम मागून घेतलें. ग्लायडर म्हणजे स्वतःचें यंत्र नसलेलें विमान; दुसरें विमान त्याला दोरानें ओढून नेतें आणि दोर सुटला कीं तें जेथें उतरेल तेथें उतरेल. या कामगिरीनें त्याला हिंदुस्थानांत आणलें. ५ मार्च १९४४ च्या रात्रीं आसामांतील लालाघाटच्या धांवपट्टीवरून ग्लायडरांचा तांडा निघाला आणि जनरल विंगेट यांच्या चिंडिट सैनिकांना ब्रह्मदेशांत, जपानी फौजेच्या पिछाडीस सुमारें शंभर मैलांवर, जंगलांतील एका मोकळ्या जागेंत त्यानें उतरविलें. अंधारांत पुष्कळ ग्लायडर मोडले, माणसें दगावलीं. त्या रात्रीच्या वैमानिकांत ‘दि किड’मधील तें पोरहि होतें.

युद्धानंतर मिळेल तें काम त्यानें केलें. दूरचित्रवाणीचा जमाना सुरू होत होता आणि तिला नटांची भूक मोठी होती. १९५२ च्या सुमारास ‘काउबॉय जी-मेन’ या मालिकेंत तो नायकाचा जोडीदार झाला. पुढें ‘पेरी मेसन’सारख्या मालिकांत लहानमोठ्या भूमिका करीत राहिला. नंतर सप्टेंबर १९६४ मध्यें ‘दि ॲडम्स फॅमिली’ ही विनोदी मालिका सुरू झाली. चार्ल्स ॲडम्स यांच्या व्यंगचित्रांवर ती आधारलेली होती. तींतील फेस्टरकाका म्हणजे तुळतुळीत डोकें, डोळ्यांखालीं काळीं वर्तुळें, अंगांत घोळदार झगा आणि तोंडांत धरतांच पेटणारा विजेचा दिवा. दोन हंगामांत तिचे ६४ भाग झाले आणि पन्नाशीच्या या नटाला नवी पिढी घरोघर ओळखूं लागली. ज्याचा निरागस चेहरा एके काळीं वस्तूंवर छापून विकला जाई, त्याला दुसरी कीर्ति मिळाली ती ओळखूं न येणाऱ्या चेहऱ्यानें! परंतु या वेळीं त्याचा मेहनताना त्याच्याच हातीं येत होता.

१९७२ सालीं सन्मान स्वीकारण्यास वृद्ध चॅप्लिन अमेरिकेंत परतला, तेव्हां स्वागतास आलेल्यांत टक्कल पडलेला कूगनहि होता. १ मार्च १९८४ रोजीं, वयाच्या एकोणसत्तराव्या वर्षीं, सांता मोनिका येथें त्याचें निधन झालें.

ही कथा केवळ परदेशाची नव्हे. भारतांत बालमजुरीच्या कायद्यास २०१६ सालीं दुरुस्ती झाली आणि २०१७ च्या नियमांनीं चित्रपट व दूरचित्रवाणींतील मुलांना कांहीं संरक्षण मिळालें. मुलाकडून दिवसाला पांच तासांहून अधिक आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांहून अधिक काम घेतां येत नाहीं. त्याच्या उत्पन्नाचा निदान वीस टक्के भाग त्याच्याच नांवें राष्ट्रीयीकृत बँकेंत मुदत ठेवींत ठेवावा लागतो. त्या नियमांत कूगनचें नांव नाहीं. पण ज्या अन्यायानें त्याचें तारुण्य पोळलें त्याचीच आठवण त्या वीस टक्क्यांत आहे. उरलेल्या ऐंशी टक्क्यांची राखण मात्र कोणताहि कायदा करूं शकत नाहीं. ती मुलाच्या घरांतील वडील माणसांनींच करावयाची असते.