छायालेखनाच्या अभ्यासाकडे: स्लावोमिर इजाक यांच्या निमित्ताने

चित्रपटाबद्दल बोलताना आपण नटांबद्दल बोलतो, कथेबद्दल बोलतो, दिग्दर्शकाचं नाव तर आवर्जून घेतो. हे सगळं ज्याच्या नजरेतून आपल्यापर्यंत पोचतं तो छायालेखक मात्र श्रेयनामावलीतच राहून जातो. चित्रपटाच्या अर्थात त्याचा वाटा किती, हा छायालेखनाच्या अभ्यासातला मूळ प्रश्न. या वाटेवर नव्यानं येणाऱ्यांनी सुरुवात पोलंडच्या स्लावोमिर इजाक यांच्यापासून करावी, असं मला मनापासून वाटतं.

१९४५ साली कातोवित्से इथे जन्मलेले इजाक वूचच्या चित्रपट विद्यालयात शिकले. पोलंडच्या परंपरेत छायालेखक संहितेच्या टप्प्यापासूनच दिग्दर्शकासोबत विचार करतो. क्षिश्तॉफ किएश्लोव्स्की यांच्या ‘अ शॉर्ट फिल्म अबाउट किलिंग’ची (१९८८) संहिता वाचून इजाक यांनी अटच घातली: चित्रपट हिरवट छटेत आणि माझे फिल्टर लावूनच करीन. दिग्दर्शकानं ती मान्य केली. खास बनवलेल्या त्या फिल्टरांमुळे वॉर्सा शहर आजारी दिसू लागतं. चौकटीच्या कडा काळवंडतात, चेहऱ्याचा एखादाच भाग उजेडात उरतो. हिरवा खरा पालवीचा रंग, पण इथे तो जगातली सगळी माया शोषून घेतो. एका तरुणानं केलेला खून आणि नंतर सरकारनं त्याला दिलेली फाशी, दोन्ही एकाच क्रूर जगात घडतात. मृत्युदंडाविरुद्धचा युक्तिवाद संवादांच्या आधी रंगानं मांडलेला असतो.

किएश्लोव्स्कींच्याच ‘थ्री कलर्स: ब्लू’मध्ये (१९९३) हेच इजाक अगदी जवळ जातात. पती आणि मुलगी गमावलेली नायिका साखरेचा चौकोनी खडा कॉफीला टेकवते आणि पडदाभर तो खडा तपकिरी होत जातो. तो साधारण पाच सेकंदांत भिजावा म्हणून चित्रीकरणाआधी वेगवेगळे खडे भिजवून पाहिले गेले. बाहेरच्या जगाकडे तिनं फिरवलेली पाठ त्या पाच सेकंदांत कळते. या चित्रपटाच्या छायालेखनासाठी व्हेनिसच्या महोत्सवात इजाक यांचा गौरव झाला. पुढे ‘गॅटका’ (१९९७) आणि ऑस्करचं नामांकन मिळवून देणारा ‘ब्लॅक हॉक डाउन’ (२००१) या हॉलिवूडच्या चित्रपटांतही रंगावरची त्यांची हुकमत दिसते.

अभ्यासकाचं भाग्य असं, की तुलनेचं साहित्य किएश्लोव्स्कींनीच हाती ठेवलं आहे. त्यांच्या ‘थ्री कलर्स’ त्रयीतला ‘ब्लू’ इजाक यांचा, ‘व्हाइट’ एडवर्ड क्वोशिन्स्की यांचा, ‘रेड’ पिओत्र सोबोचिन्स्की यांचा. दिग्दर्शक एक, छायालेखक तीन. तिन्ही चित्रपट शेजारी ठेवा. एखादा प्रसंग आवाज बंद करून पाहा. उजेड कुठून येतो, कुणावर पडतो, कुणाला वगळतो, हे टिपून ठेवा. काय बदलतं आणि काय कायम राहतं, त्यावरून दिग्दर्शक आणि छायालेखक या दोघांचे वाटे वेगळे करता येऊ लागतील. दिग्दर्शकांच्या खात्यावर जमा झालेलं किती काम खरं तर छायालेखकांचं आहे, याचा हिशेब अजून पुष्कळ बाकी आहे. त्या कामात तुमचं मनापासून स्वागत.