खुर्ची सरकत गेली

मराठी रसिकाला मोलियर ठाऊक आहे तो अत्र्यांच्या ‘कवडीचुंबक’मुळे. पण फ्रेंच मध्यमवर्गाच्या टवाळीचा मागोवा घ्यायचा तर त्याच्याच दुसऱ्या नाटकापाशी जावं लागतं. १४ ऑक्टोबर १६७० रोजी शाँबोरच्या राजवाड्यात, चौदाव्या लुईसमोर, मोलियरने मस्यू जुर्दँ उभा केला. जुर्दँच्या घरी पैसा कापडाच्या व्यापारातला, पण हौस खानदानी व्हायची. नाच, तलवारबाजी, तत्त्वज्ञान, सगळ्याला मास्तर ठेवलेले. शेवटी तुर्की सोंगाडे त्याला ‘मामामूशी’ अशी बनावट पदवी चिकटवतात, तरी स्वारी खूश! हसत होता तो दरबार. भूमिका करणारा मोलियर मात्र स्वतः गाद्या-पडदेवाल्याचा मुलगा.

१८६० मध्ये नाटककार लाबीशच्या ‘मस्यू पेरिशाँची सफर’पर्यंत आपण येतो तोवर जुर्दँच तिकीट काढून पुढच्या रांगेत बसलाय. बग्ग्या बनवून श्रीमंत झालेला पेरिशाँ बायको-मुलीसह आल्प्स बघायला निघतो. मुलीवर डोळा असलेले दोन तरुण मागोमाग. आर्माँ पेरिशाँचा जीव वाचवतो. चलाख दानिएल उलट करतो: स्वतःच घसरतो आणि पेरिशाँला आपल्याला वाचवू देतो. सासऱ्याचा लाडका कोण? अर्थात दानिएल. उपकारकर्ता डोळ्यांत सलतो, उपकृत मात्र हवाहवासा वाटतो. इतकं नेमकं घरच्याच माणसाला दिसतं. लाबीश सिरपच्या कारखानदाराचा मुलगा होता आणि पुढे सोलोन्यमध्ये जमीनजुमला घेऊन गावचा महापौरही झाला.

मग टीव्ही आला आणि थट्टा थेट दिवाणखान्यात शिरली. १९६५ च्या ‘ले सँत शेरी’ मालिकेत मिशेलिन प्रेलने साकारलेल्या, नवरा आणि मुलं सांभाळणाऱ्या बाईच्या नजरेतून घर दिसू लागलं. १९९३ पासून कनाल प्लस या पैसे मोजून बघायच्या वाहिनीवर ‘ले देश्यँ’ने रोख खाली वळवला, साध्या, अडखळत बोलणाऱ्या माणसांवर. हा गरिबांचा उपहास आहे, अशी टीका झाली. मला ती पूर्ण खोडून काढता येत नाही.

२००७ ते २०१७ चाललेली ‘फे पा सी, फे पा सा’ पुन्हा बरोबरीच्यांकडे वळली. लेपिक कुटुंब शिस्तीचं, चर्चला जाणारं. बुले मोकळ्या विचारांचे. पोरं दोघांनाही जुमानत नाहीत. सुरुवातीच्या भागांत आईबाप माहितीपटासारखे कॅमेऱ्याकडे बघून आपली बाजू मांडतात. ते आपल्या वागण्याचं समर्थन करतात आणि पुढच्याच दृश्यात तोंडघशी पडतात. त्यांना पाडायला आता ना दरबार लागतो, ना दानिएल.