कारनॅक, जॉन

कारनॅक, जॉन : (मृत्यू नोव्हेंबर १८००). ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतील ब्रिटिश ब्रिगेडियर जनरल, बंगालच्या फौजेचा सेनापती आणि पुढे मुंबई कौन्सिलचा सभासद. जानेवारी १७७९ मध्ये पुण्यावर चालून आलेली इंग्रजी फौज तळेगाव दाभाडे येथून मागे फिरली आणि वडगावला मराठ्यांपुढे नमली. त्या मोहिमेच्या समितीचा तो प्रमुख होता. मराठी इतिहासात त्याची ओळख या एका नामुष्कीपुरती उरली आहे. मात्र तळेगावला आलेला हा माणूस नवखा नव्हता. मराठी घोडदळाला मैदानात हरवणारा सेनापती म्हणून तो आला होता.

राजाच्या ३९ व्या पायदळ पलटणीबरोबर तो १७५४ मध्ये मद्रासला उतरला आणि १७५८ मध्ये कंपनीच्या नोकरीत शिरला. जानेवारी १७६१ मध्ये बिहारात हिलसाजवळ त्याने बादशहा शाहआलमचा पराभव केला. त्या लढाईत एकटा पडलेला फ्रेंच सेनानी ज्याँ लॉ तलवार द्यायला तयार होईना. कारनॅकने ती त्याच्याच कमरेला राहू दिली आणि त्याला मानाने छावणीत नेले. फारसी इतिहासकार गुलाम हुसेन याने या वागणुकीची वाखाणणी केली आहे.

मे १७६४ मध्ये पाटण्यावरचा अवधचा नवाब शुजाउद्दौला याचा हल्ला त्याने परतवला, पण शत्रूचा पाठलाग केला नाही. या अतिसावधपणाबद्दल त्याला बोल लागला. सूत्रे हेक्टर मन्रोकडे गेली आणि बक्सारचा विजय मन्रोच्या नावावर लागला. पुढच्याच वर्षी कारनॅक ब्रिगेडियर जनरल होऊन परतला. शुजाच्या मदतीला आलेल्या मल्हारराव होळकरांशी ३ मे १७६५ रोजी कोरा येथे त्याची गाठ पडली. इंग्रजी तोफांपुढे मराठी घोडदळाचा टिकाव लागला नाही आणि मल्हाररावांना यमुनेपलीकडे काल्पीकडे हटावे लागले. त्याच महिन्यात शुजाने कारनॅकच्या छावणीत येऊन शरणागती पत्करली. ऑगस्टमधील अलाहाबादच्या तहावर कंपनीतर्फे क्लाइव्हच्या जोडीने त्याची सही आहे.

शाहआलमने दिलेल्या दोन लाख रुपयांच्या नजराण्यासह मोठी माया जमवून तो १७६७ मध्ये इंग्लंडला गेला. १७६८ ते १७७४ या काळात तो लेमिन्स्टरचा पार्लमेंट सभासद होता. त्याची पत्नी एलिझाबेथ रिव्हेट हिचे जोशुआ रेनल्ड्सने काढलेले पूर्णाकृती चित्र लंडनच्या वॉलेस संग्रहात आहे. पैसा टिकला नाही. १७७६ मध्ये तो पुन्हा हिंदुस्थानात, या वेळी मुंबई कौन्सिलात आला.

पेशवे घराण्यातील रघुनाथरावांना पुण्यात कारभारी म्हणून बसवण्यासाठी मुंबईकरांनी नोव्हेंबर १७७८ मध्ये सुमारे ३,९०० माणसांची फौज पनवेलमार्गे पाठवली. तिचा कारभार एका समितीकडे होता : कारनॅक, कर्नल चार्ल्स एगर्टन आणि पुण्यातील इंग्रजांचा माजी वकील मॉस्टिन. मॉस्टिन आजारी पडून मुंबईला परतला आणि १ जानेवारीला वारला. रणांगणावर समितीने हुकूम द्यायचे ही व्यवस्थाच घातक होती. फौजेबरोबर १९,००० बैल होते. खंडाळ्याहून कार्ल्यापर्यंतचे आठ मैल कापायला तिला अकरा दिवस लागले. कार्ल्याजवळ ४ जानेवारीला कॅप्टन स्टुअर्ट, म्हणजे मराठ्यांचा ‘इष्टुर फाकडा’, गोळा लागून पडला. दोन दिवसांनी एगर्टनने आजारपणामुळे नेतृत्व सोडले आणि लेफ्टनंट कर्नल विल्यम कॉकबर्नकडे दिले.

९ जानेवारीला फौज तळेगावात पोचली, तेव्हा दाभाडे सेनापतींचे हे गाव जळून राख झाले होते. नाना फडणीस, महादजी शिंदे आणि तुकोजी होळकर यांनी समोरासमोरची लढाई टाळून दाणावैरण तोडण्याचा डाव धरला होता. चिंचवड, आणि वेळ आलीच तर पुणेही, जाळायची त्यांची तयारी होती. कोऱ्याला तोफांनी जे साधले ते इथे साधण्यासारखे नव्हते, कारण तोफांच्या माऱ्यात कोणी येतच नव्हते. तरीही इंग्रजांजवळ अठरा दिवसांची शिधासामग्री होती आणि पुणे अठरा मैलांवर होते. पुण्यापर्यंत फौज पोचेल, पण बैल आणि सामान वाचवता येणार नाही, असे कॉकबर्नचे मत पडले. रघुनाथरावांनी थांबण्याची विनवणी केली. फौजेबरोबर असलेले कॅप्टन हार्टली आणि होम्स हेही घाईच्या माघारीच्या विरोधात होते. कारनॅकने परतीचाच आग्रह धरला. हा निर्णय कॉकबर्नच्या माथी मारण्याचा प्रयत्न पुढे झाला, पण त्याची मुख्य जबाबदारी कारनॅकचीच ठरते.

११ जानेवारीच्या रात्री अवजड तोफा तळेगावच्या मोठ्या तळ्यात ढकलल्या गेल्या, सामानाला आग लावली गेली आणि फौज निघाली. मराठ्यांना सुगावा आधीच लागला होता. पिछाडी सांभाळणाऱ्या हार्टलीने शर्थ केली म्हणूनच फौज वडगावपर्यंत तरी पोचली. तिथे तिला चहूबाजूंनी वेढा पडला. रघुनाथराव स्वतःच शिंद्यांच्या स्वाधीन झाले. १६ जानेवारीच्या करारान्वये इंग्रजांनी १७७३ नंतर घेतलेला साष्टीसह सर्व मुलूख परत द्यायचा, बंगालहून येणारी फौज थांबवायची आणि भडोच शिंद्यांना द्यायचे, असे ठरले. इंग्रजांतर्फे फार्मर आणि लेफ्टनंट स्टुअर्ट (कार्ल्याला पडलेला कॅप्टन स्टुअर्ट नव्हे) मराठ्यांकडे ओलीस राहिले.

करार करण्याचा अधिकार आपल्याला नाही हे मनात धरूनच कारनॅकने होम्सला वाटाघाटीचे अधिकारपत्र दिले होते आणि नंतर ते त्याने कबूलही केले. घाट उतरताच समितीने बंगालच्या फौजेला थांबवण्याचा हुकूम स्थगित केला. मराठ्यांनी शब्दावर विसंबून शत्रूला जिवंत जाऊ दिले होते. तलवार लॉजवळच राहू देणाऱ्या सेनानीच्या चरित्रातला सर्वांत काळा भाग पराभव नसून हा आहे. मुंबई सरकारने करार फेटाळला. कंपनीच्या संचालकांनी कारनॅक, एगर्टन आणि कॉकबर्न या तिघांनाही बडतर्फ केले.

कारनॅक हिंदुस्थानातच राहिला. वडगावच्या करारान्वये परत मिळायला हवे होते ते ठाणे इंग्रजांकडेच राहिले. तेथील किल्ल्यात १७८७ मध्ये खोदकाम करताना शिलाहार राजा अरिकेसरी याचा शके ९३९ चा ताम्रपट सापडला. पंडित रामलोचन यांच्या साह्याने झालेला त्याचा अनुवाद कारनॅकने एशियाटिक सोसायटीकडे पाठवला आणि तो ‘एशियाटिक रिसर्चेस’च्या पहिल्या खंडात छापला गेला. कोकणच्या शिलाहारांच्या अभ्यासाचा आरंभ या मजकुरापासून होतो. कारनॅकचा मृत्यू मंगळूरला झाला.

त्याची संपत्ती मेहुणा जेम्स रिव्हेट याला मिळाली आणि त्याने रिव्हेट-कारनॅक हे आडनाव घेतले. या मेहुण्याचा मुलगा सर जेम्स १८३९ ते १८४१ मध्ये मुंबईचा गव्हर्नर होता. साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह यांना १८३९ मध्ये पदच्युत केले ते त्याने. मुंबईतील कारनॅक बंदर आणि कारनॅक पूल ही नावेही या गव्हर्नराची, जनरलची नव्हेत. जुना कारनॅक पूल नोव्हेंबर २०२२ मध्ये पाडण्यात आला आणि त्या जागी बांधलेला नवा पूल जुलै २०२५ मध्ये ‘सिंदूर पूल’ या नावाने वाहतुकीस खुला झाला.